नलूकाकूंचं हसणं

टीव्हीवरच्या विनोदी मालिकांमागे जे हसू ऐकू येतं ते सगळं खोटं असतं, डब्यात भरून ठेवलेलं असतं, असं कोणी म्हणालं की माझं डोकं फिरतं. परवा आमच्याकडे इंग्लंडात मिल्टन कीन्सला जेवायला आलेल्या एका शहाण्याने तेच ऐकवलं. मी आमटी वाढता वाढता थांबले आणि म्हटलं, बाबा रे, त्यातलं थोडं तरी हसू मी आवाजावरून ओळखते. ते इल्फर्डचं आहे, नलूकाकूंचं आहे. नवऱ्याने मुकाट्याने माझ्या हातातली वाटी काढून घेतली, कारण पुढचा अर्धा तास काय ऐकायला लागणार हे त्याला पाठ झालंय.

दोन हजार साल उलटून गेल्यानंतरची ती पहिली वर्षं. पुण्याच्या कंपनीने मला वर्क परमिटवर लंडनला पाठवलं होतं. काम सॉफ्टवेअर टेस्टिंगचं, म्हणजे दिवसभर दुसऱ्यांच्या चुका काढायच्या. माझ्या स्वभावाला ते अगदी धरून होतं. राहायची सोय ऑफिसातल्या एकाच्या ओळखीने झाली, लंडनच्या पूर्वेकडच्या इल्फर्डमधल्या एका मराठी बाईंच्या घरातली वरची पुढची खोली. पहिल्या संध्याकाळी मी बॅगा घेऊन दारात उभी राहिले, दार उघडलं, आणि मी काही बोलायच्या आत ते वाऱ्याने माझ्याच तोंडावर आपटलं. आत शांतता. मला वाटलं, झालं, पहिल्याच दिवशी अपमान. दार पुन्हा उघडलं तेव्हा साडीवर कार्डिगन आणि पायात ट्रेनर्स घातलेली एक बुटकी बाई चौकटीला धरून उभी होती. डोळे मिटलेले, खांदे हलतायत, आवाज अजिबात नाही. मला वाटलं, बाईंना झटका आला. मग त्यांनी माझं मनगट घट्ट पकडलं, एक बारीकसा हुंदका दिला, आणि त्याच्यामागून जे काही बाहेर पडलं ते ऐकून समोरच्या घरातला कुत्रा भुंकायला लागला.

ते नलूकाकूंचं हसणं. त्याला हसणं म्हणायचं हे मला थोड्या वेळाने कळलं.

नलूकाकूंनी सगळी नोकरी एका मोठ्या दुकानाच्या ऑल्टरेशनच्या काउंटरवर केली. कोणाच्या पँटी आखूड कर, कोणाचे कोट सैल कर. मी गेले तेव्हा त्या रिटायर झाल्या होत्या आणि काकांना जाऊन बरीच वर्षं लोटली होती. मुलगा संजू लंडनमध्येच, पण वेगळ्या फ्लॅटमध्ये राहायचा आणि रविवारी जेवायला यायचा. काकूंच्या गळ्यात घरातही शिवणाची टेप असायची. बसमध्ये समोरच्या माणसाचा कोट मागून ओढतोय असं दिसलं तर त्या तसं त्याला सांगायच्या, आणि सांगून झालं की स्वतःच हसत सुटायच्या, म्हणून कोणी रागवायचं नाही.

घर ओळीतलं होतं, शेजारच्या घराशी भिंत सामाईक. पलीकडे रॉन नावाचे एकटे म्हातारे गृहस्थ राहायचे. ते एकदा फुटपाथवर मला थांबवून म्हणाले की ते टीव्हीचा कार्यक्रम पेपरात बघतच नाहीत. संध्याकाळी भिंतीला कान द्यायचा, नलू हसायला लागली की एकेक चॅनेल बदलत जायचं, आणि ज्यावर हसू जुळतं तिथे थांबायचं. माणूस बिचारा कळवळून सांगत होता की यात आजवर एकदाच फसगत झाली. त्या दिवशी काकू बातम्यांना हसत होत्या.

मी मात्र सुरुवातीला वैतागायचे. मला एकटेपणाने अगदी नकोसं झालं होतं. ऑफिसात सगळे गोड बोलायचे आणि पाच वाजता गायब व्हायचे. अंधार चार वाजताच पडायचा. रोज घरी येऊन मी काकूंजवळ तक्रारी मांडायचे, की आज लिफ्टमध्ये अमक्याने गुड मॉर्निंगला उत्तर दिलं नाही, आज मीटिंगमध्ये माझं बोलणं कोणाला कळलं नाही. आणि काकू हसायच्या. मी म्हणायचे, अहो काकू, मी रडकुंडीला आलेय. त्या माझं मनगट धरून म्हणायच्या, हो गं, कळतंय, पण त्या मॅनेजरची मान कशी हलते ते पुन्हा करून दाखव. मी चिडून करून दाखवायचे, आणि करता करता मलाच हसू फुटायचं. महिन्याभरात माझ्या लक्षात आलं की मी ऑफिसात दिवसभर काकूंसाठी किस्से गोळा करतेय. तो हिवाळा मी त्याच्यावर काढला. आजही ऑफिसात काही बिनसलं की पहिल्यांदा मनात येतं, हे काकूंना कसं सांगावं.

एकदा मी त्यांना तोंडावर विचारलं की तुम्ही माझं मन राखायला हसता का. त्यांनी हातातलं शिवण खाली ठेवलं. मग म्हणाल्या, "खोटं हसायला मला येत नाही. मी आधी हसते, मग गंमत सापडते. तुम्ही लोक आधी गंमत शोधता, म्हणून तुम्हाला उशीर होतो."

या हसण्याला घराबाहेरही मागणी होती. इथे विनोदी मालिका स्टुडिओत खऱ्या प्रेक्षकांसमोर रेकॉर्ड करतात. तिकीट फुकट असतं, पण रांगेत लवकर उभं राहावं लागतं, कारण खुर्च्यांपेक्षा तिकिटं जास्त वाटलेली असतात. काका गेल्यानंतर घर खायला उठायचं, तेव्हा कोणीतरी काकूंना एकदा नेलं, आणि मग काकू जातच राहिल्या. सोबत बसायला छोटी उशी, पेपरमिंटच्या गोळ्या आणि एक मोठा पुरुषी रुमाल. दोन सीनच्या मध्ये सेट बदलेपर्यंत प्रेक्षकांना हसतं ठेवायला एक माणूस असतो, त्याला वॉर्म-अप म्हणतात. तो तिथे बहुधा टेरी नावाचा गृहस्थ असायचा. काकू रांगेत दिसल्या की त्याचा चेहरा उजळायचा. प्रेक्षकांच्या डोक्यावर माईक टांगलेले असतात, त्याच्या बरोबर खाली काकूंना बसवायचं नाही असा साउंडवाल्यांचा हुकूम होता. एकदा बसवलं होतं, तर अख्ख्या भागात एकटी बाईच हसतेय असं ऐकू आलं म्हणे. दुसऱ्यांदा तोच सीन घेतला की हशा निम्मा होतो, चांगल्यातल्या चांगल्या विनोदाचाही होतो, हे मला काकूंनी शिकवलं. त्या स्वतः मात्र तिसऱ्या वेळेलाही पहिल्याइतक्याच हसायच्या.

आता संजूविषयी सांगायला हवं. तो जन्माने इथलाच. शिकून फार्मासिस्ट झाला, चांगली नोकरी होती, आणि तिशीच्या उंबरठ्यावर ती सोडून विनोद लिहायला लागला. आमच्या भागातल्या मराठी मंडळींनी काकूंना भेटून भेटून सांत्वन केलं, जणू घरात काही वाईट घडलंय. काकू त्यांच्यासमोर हसून टाळायच्या, पण रात्रीचं जेवण जायचं नाही त्यांना. आणि मग संजूला काम मिळालं.

अमेरिकेत वर्षानुवर्षं चाललेली एक मालिका होती. एक दातांचा डॉक्टर, त्याची घटस्फोट झालेली बायको तीही दातांची डॉक्टर, आणि दोघांचा अजून एकच दवाखाना. तीच इथे इंग्लिश नट घेऊन नव्याने करायची ठरली. स्क्रिप्ट अमेरिकेहून यायच्या, आणि संजूसारखी दोन-तीन पोरं त्या इथल्या करायची. तिकडचे विनोद सगळे डॉक्टरच्या बिलावर आणि इन्शुरन्सवर. इथे त्याला कोण हसणार? इथे रडगाणं वेगळं, सरकारी डेंटिस्टकडे नंबरच लागत नाही. काकूंनी हे ऐकलं आणि गळ्यातली टेप चाचपत म्हणाल्या, म्हणजे ऑल्टरेशनच की, पण मूळ माप फार वेगळं असलं तर कापड पुरत नाही रे. संजू म्हणाला, "आई, प्लीज, तू नको सुरू करू." पण तो खूश होता. प्रोड्यूसरने त्याला शब्द दिला होता की काम आवडलं तर शेवटच्या भागात एक पूर्ण सीन तुझा, अमेरिकेचा एक शब्दही नाही. तो सीन जमला तर पुढे दारं उघडणार होती. नाही जमला तर फार्मसीचा पांढरा कोट होताच.

काकूंनी हे मनावर घेतलं. पहिल्या रेकॉर्डिंगला त्यांनी इल्फर्डहून एक अख्खा कोच, म्हणजे भाड्याची मोठी बस, भरून मराठी माणसं नेली, सांत्वनाला आलेली सगळी. आता अडचण अशी की त्यातल्या निम्म्या आजी-आजोबांना ते भराभर बोललेलं इंग्लिश उमगायचं नाही. त्यावर काकूंनी तोड काढली. रविवारी जेवताना संजू आपली वाक्यं कौतुकाने म्हणून दाखवायचा, ती काकूंच्या ध्यानात असायची. स्टुडिओत काकू पहिल्या रांगेत, मंडळी मागे. संजूचं वाक्य आलं की काकू तो मोठा रुमाल वर करणार, आणि मग सगळ्यांनी हसायचं. कोचमध्ये याची तालीमसुद्धा झाली. मी विरोध करायला हवा होता असं तुम्हाला वाटेल. मी कोचमध्ये चिवडा वाटत होते.

पहिल्या दोन रेकॉर्डिंगना कमाल झाली. बाकी सगळा भाग थंड, नट घामाघूम, आणि मध्येच संजूच्या वाक्याला छप्पर उडेल असा हशा. प्रोड्यूसरने संजूच्या पाठीवर थाप मारली. संजूने रविवारी मला कोपऱ्यात घेऊन सांगितलं की त्याला पहिल्यांदाच वाटतंय की आपण नोकरी सोडली ते बरोबर केलं. मी काकूंकडे बघितलं. त्या पोळ्या लाटत होत्या आणि पाठ आमच्याकडे होती.

तिसऱ्या रेकॉर्डिंगला संजूचा एक खास विनोद यायचा होता. एक पेशंट म्हणतो, मी वेटिंग लिस्टवर नाव घातलं तेव्हा माझे दुधाचे दात होते, आता नंबर लागलाय तर कवळी आहे. काकूंना तो फार आवडला होता. वेटिंग लिस्ट हे शब्द आले की रुमाल, असं ठरलं. पण त्या दिवशी दुपारी तालमीत तो विनोद कापला गेला होता, आणि हे घरी कोणी कळवलं नव्हतं. वेटिंग लिस्ट आली ती दुसऱ्याच सीनमध्ये. त्यात ती डॉक्टरीण नवऱ्याला, म्हणजे आधीच्या नवऱ्याला, सांगते की बाबा गेले, ऑपरेशनच्या वेटिंग लिस्टवर असतानाच गेले. त्या भागातली तेवढी एकच गंभीर जागा. नटी खरोखर चांगली होती, तिच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं होतं.

रुमाल वर गेला. चाळीसेक मराठी माणसं एकदम, मनापासून, पोट धरून हसली.

नटी थांबली. तिने आमच्याकडे बघितलं आणि सेटवरून निघून गेली. काकूंचा हात अजून वर होता. टेरी माईक घेऊन धावत आला आणि काहीबाही बोलायला लागला, पण त्याचंही कोणी ऐकत नव्हतं. कॅमेऱ्यांच्या मागे संजू उभा होता. तो नटीकडे बघत नव्हता. तो रुमालाकडे बघत होता, आणि त्याच्या चेहऱ्यावरून मला कळलं की त्याला फक्त आजचंच नाही, मागच्या दोन वेळचंही सगळं कळलंय.

रविवारी तो जेवायच्या वेळेआधीच आला. मी वर जायला निघाले तर म्हणाला, थांब, तू पण होतीस. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. प्रोड्यूसर त्याला म्हणाला होता की तुझा हशा कोचमधून येतो हे आम्हाला माहीत नव्हतं, आणि शेवटच्या भागाचं आता बघू. काकू म्हणाल्या की मी जाऊन त्याला सांगते, चूक माझी, पोराची नाही. तेव्हा संजू खुर्चीवर बसला आणि त्याच्या त्या मोडक्या मराठीत म्हणाला, "आई, ती नाही प्रॉब्लेम. तू हसते तेव्हा मला कळत नाही, मी फनी आहे, का मी फक्त तुझा मुलगा आहे."

 ओट्यावर सांडलेलं पीठ काकूंनी हाताने गोळा केलं, पुन्हा डब्यात टाकलं. मग म्हणाल्या, "बरं. नाही हसणार."

मला वाटलं दोन दिवसांत विसरतील. पण नाही. काकूंनी हसणंच बंद केलं. टीव्ही लावायच्या, समोर बसायच्या, आणि हात मांडीवर. मी ऑफिसचे किस्से आणले, मान हलवून दाखवली, नाचायची तेवढी बाकी राहिले. त्या मायेने बघायच्या आणि म्हणायच्या, जेवून घे. कुंपणावरून रॉनने काळजीने विचारलं की टीव्ही बिघडलाय का, त्याच्या ओळखीचा एक मेकॅनिक आहे. त्या दिवसांत मला कळलं की मी या घरात कशावर जगत होते. संजूवर मी मनातून भयंकर चिडले होते, आणि त्याचं काही चुकलं नव्हतं हेही मला कळत होतं.

दरम्यान मालिका टीव्हीवर सुरू झाली आणि पेपरवाल्यांनी धुऊन काढली. तिकडची बरी होती, ही कशाला केली, असा एकंदर सूर. चॅनेलने ती बंद करायचं ठरवलं, शेवटचे भाग दाखवणारसुद्धा नव्हते. पण स्टुडिओ आणि नट ठरलेले होते, म्हणून शेवटचं रेकॉर्डिंग तेवढं उरकायचं होतं. आता तिथे कोणाला कशाची पर्वा राहिली नव्हती, आणि म्हणूनच असेल, प्रोड्यूसरने संजूचा सीन राहू दिला. तो टीव्हीवर कधीच दिसणार नव्हता. त्या हॉलमध्ये त्या दिवशी जी माणसं बसतील तेवढीच काय ती.

या वेळी कोच नव्हता. संजूने दोनच तिकिटं पाठवली होती. मला वाटलं काकू येणार नाहीत, पण त्या लवकर तयार होऊन दारात उभ्या होत्या.  हॉल अर्धा रिकामा होता. केंटहून आलेला शिक्षिकांचा एक घोळका, काही पेन्शनर, पावसातून आत शिरलेले दोघं-तिघं. संजूला ओळखणारं त्यात आमच्याशिवाय कोणी नव्हतं. काकूंनी शेवटची रांग पकडली.

संजूच्या सीनमध्ये डॉक्टरची आई पहिल्यांदाच त्याच्या दवाखान्यात दात दाखवायला येते. ती आत येते तीच बोलत. खुर्चीवर बसते, बोलत. तुझा शर्ट बघ, शेजारचीचा मुलगा बघ, जेवतोस का नीट. मुलगा तिच्या गळ्यात कापड बांधतो, दिवा खाली ओढतो, हातमोजे चढवतो, आणि शेवटी थकून म्हणतो, तोंड उघड, मम. म्हातारी एकदम थांबते. त्याच्याकडे बघत राहते. आणि म्हणते, मराठीत सांगायचं तर असं, "जन्मभर मिटायला सांगितलंस की."

क्षणभर काही झालं नाही. मग त्या शिक्षिकांमधली एक जोरात हसली, तिच्यामागून दुसरी, आणि मग सगळा अर्धा हॉल. म्हातारे खुर्चीच्या हातावर थापा मारत होते. मीही हसत होते, डोळ्यांत पाणी येऊन हसत होते. काकूंनी रुमालाचा बोळा तोंडावर दाबून धरला होता. त्यांचे खांदे स्थिर होते. शब्दाला जागलेली बाई ती.

एका कॅमेऱ्याची सावली पडली म्हणून तो सीन पुन्हा घ्यायचा ठरला.  वाक्य आता सगळ्यांना माहीत होतं. टेरीनेही या वेळी काही चेष्टा केली नाही, नुसता बाजूला उभा राहिला. म्हातारी पुन्हा आली, पुन्हा बोलली, दिवा पुन्हा खाली आला. तोंड उघड, मम. ती थांबली, आणि तिने तोंड उघडायच्या आतच लोक हसायला लागले. वाक्य ऐकू येईना. म्हातारीचं काम करणाऱ्या नटीला थांबावं लागलं.

खाली कॅमेऱ्यांच्या मागे संजू उभा होता. तो मागे वळून आमची रांग शोधत होता. आम्ही सापडलो तेव्हा त्याने हात वर केले आणि काकूंना खूण केली, अगदी लहान मुलासारखी, दोन्ही हातांनी, की हस ना, आता हस.

मी काकूंना कोपराने ढोसलं. म्हटलं, काकू, संजू बघतोय, हसा म्हणतोय तुम्हाला. त्यांनी तोंडावरचा रुमाल काढला. आता ते मनगट पकडणं, तो हुंदका आणि पुढचं सगळं येणार म्हणून मी हात पुढे केला.

"थांब गं," काकू म्हणाल्या. "ते हसतायत ते ऐकू दे मला."

आणि डोळे मिटून, मान किंचित कलती करून, ती अनोळखी माणसं हसायची थांबेपर्यंत त्या ऐकत बसल्या.